अकरातलं ते एक पुस्तक

वाचकाचं पत्र, थोडक्यात: पत्र लिहिणाऱ्या बाई ५६ वर्षांच्या आहेत. हिशेबाच्या कामात आयुष्य गेलं. शाळेपासून वाचनाची आवड, पण गेल्या वीसेक वर्षांत रहस्यकथा आणि ऐतिहासिक कादंबऱ्या यांपलीकडे फारसं काही वाचलं नाही. मुलगी एकदा सहज म्हणाली, "आई, तू तेच तेच वाचतेस." पुढे वाचनगटात कुणीतरी विचारलं, "तुम्ही फक्त गोष्टीच वाचता का?" ते लागलं. मग 'वाचायलाच हवीत' अशा एका यादीवरून त्यांनी अकरा पुस्तकं आणली. विज्ञान, अर्थकारण, इतिहास, मानसशास्त्र. गोष्टीचं एकही नाही. दीड वर्षात दहा अर्धवट राहिली, बहुतेक तिसाव्या-चाळिसाव्या पानाशी. त्यांतलं एक नदीबद्दलचं होतं. त्यातलं एक वाक्य त्यांनी पत्रात उतरवून पाठवलं आहे आणि पुढच्याच ओळीत म्हटलं आहे, "पण हेही सुटलं." अकरावं पुस्तक म्हणजे बोटांच्या ठशांवरून माणूस ओळखण्याच्या पद्धतीचा इतिहास. ते चार दिवसांत संपलं. "पण ते मी धरत नाही, ते मला आवडणारच होतं." पुस्तकं सुचवणारं मोबाइलवरचं अ‍ॅप रहस्यकथांशिवाय दुसरं काही दाखवत नाही. त्या विचारतात: या वयात वाचनात विविधता आणायची कशी? आणि मुळात तेवढी कुवत माझ्यात आहे का?

उत्तर:

तुमचं पत्र दोनदा वाचलं आणि दोन्ही वेळा एकाच वाक्यापाशी थांबलो: "ते मी धरत नाही."

हिशेबात मुरलेल्या माणसाने आलेली रक्कम जमेला धरू नये, हे नवलच. एक पुस्तक चार दिवसांत संपलं, आणि ते बाद का, तर आवडलं म्हणून. म्हणजे ज्याचा त्रास होतो तेच खरं 'गंभीर' वाचन, असं काहीतरी तुमच्या मनात बसलं आहे. हा नियम पाळलात तर खातं कायम तोट्यातच राहणार, कारण जे जमेल ते त्याच क्षणी वहीतून खोडलं जाईल.

ही समजूत तुमच्या एकटीची नाही. मी बावीस वर्षं एका ग्रंथालयात देवघेवीच्या टेबलामागे काढली. कादंबरी परत करताना लोक ओशाळं हसायचे, "असंच आपलं, वेळ घालवायला." जाड वैचारिक ग्रंथ नेणाऱ्यांची मान मात्र ताठ असायची. परत आलेली पुस्तकं कपाटात लावण्याआधी चाळायची माझी खोड होती. त्या जाड ग्रंथांतली खुणेची चिठ्ठी बऱ्याचदा पहिल्याच प्रकरणात अडकलेली सापडायची. तुमची दहा पुस्तकं तिसाव्या पानाशी थांबली, यात तुम्ही मोठ्या बहुमतात आहात.

कादंबरीची बाजू घेणारेही कधीकधी तीच चूक करतात. तेही तिला उपयोगाला जुंपतात. साहित्यिक कथा वाचल्याने दुसऱ्याच्या मनातलं ओळखण्याची क्षमता वाढते, असं सांगणारा एक अभ्यास २०१३ मध्ये 'सायन्स' या नियतकालिकात आला आणि त्याचा बराच गाजावाजा झाला. पुढे इतर संशोधकांनी तोच प्रयोग पुन्हा करून पाहिला, तेव्हा तो परिणाम दिसला नाही. मला त्यात वाईट वाटण्यासारखं काही दिसत नाही. कादंबरी हे काही काढा घेण्यासारखं प्रकरण नव्हे, आणि अर्थशास्त्राचं पुस्तक हेही तसलं प्रकरण नव्हे.

आणि 'ललितेतर' हा शब्द तरी बघा. जे ललित नाही ते, एवढाच त्याचा अर्थ. त्यात करपद्धतही आली, कुणाचं आत्मचरित्रही आलं, पुलांच्या बांधणीचा इतिहासही आला. 'मला ललितेतर जमत नाही' म्हणणं हे 'मला नात्याबाहेरच्या माणसांशी बोलता येत नाही' म्हणण्यासारखं आहे. कुठल्या माणसांशी? कशाबद्दल?

आता तुमच्या आवडीकडे वळतो. रहस्यकथा आणि ऐतिहासिक कादंबरी वरवर पाहता दोन वेगळे प्रांत आहेत. पण दोन्हींत वाचणाऱ्याला एकच गोष्ट ओढून नेते: घडून गेलेलं आहे, आपण तिथे नव्हतो, मग नक्की काय झालं हे आता कसं कळणार? मागे राहिलेल्या खुणा कोणत्या, साक्ष कोणाची, कोण खोटं बोलतंय? वीस वर्षं तुम्ही हाच प्रश्न वाचत आला आहात. इतिहासकाराचा प्रश्न हाच, भूगर्भशास्त्रज्ञाचाही हाच, आणि साथ कुठून सुरू झाली हे शोधणाऱ्या डॉक्टरचाही. म्हणून ठशांचं पुस्तक चार दिवसांत संपलं. यादीवर ते चुकून आलं असेल, तुमच्याकडे मात्र ते बरोबर पत्त्यावर आलं.

त्याच पुस्तकापासून निघून बघा. १८५८ मध्ये बंगालमध्ये विल्यम हर्शेल या इंग्रज अधिकाऱ्याने एका कंत्राटदाराचा, राज्यधर कोनाईचा, अख्ख्या पंजाचा ठसा करारपत्रावर घेतला. हेतू एवढाच की उद्या त्याने 'ही सही माझी नव्हेच' म्हणू नये. इथून एक वाट फुटते: राज्यकर्त्यांना लोकांची ओळख कागदावर बांधून का ठेवावीशी वाटते? शिरगणती, नकाशे, ओळखपत्रं यांचे इतिहास या वाटेवर आहेत. १८९२ मध्ये फ्रान्सिस गॉल्टन या इंग्रज शास्त्रज्ञाने ठशांवर पुस्तक लिहिलं आणि दोन ठसे सारखे निघण्याची शक्यता ६४ अब्जांत एक, असा हिशेब मांडला. ही दुसरी वाट, संभाव्यतेच्या गणिताची. आकड्यांत रमणाऱ्या माणसाला ती परकी वाटू नये. याच गॉल्टनने १८८३ मध्ये माणसांची 'चांगली पैदास' करण्याच्या कल्पनेला इंग्रजीत नाव दिलं होतं. ती तिसरी वाट, विज्ञानाचा आधार घेऊन माणसाने माणसाशी किती वाईट वागावं याची. आणि १८९७ मध्ये कलकत्त्यात ठशांचं कार्यालय निघालं, तिथे अझीझुल हक आणि हेमचंद्र बोस यांनी ठसे १०२४ कप्प्यांत लावण्याची पद्धत बसवण्यात मोठा वाटा उचलला. पद्धतीला नाव मात्र लागलं त्यांच्या वरिष्ठाचं, एडवर्ड हेन्रीचं. श्रेय कुणाचं आणि नाव कुणाचं, ही चौथी वाट. तिच्यावर तर कादंबऱ्याही भरपूर भेटतील.

चार वाटा, आणि एकीवरही 'वाचायलाच हवं' असं काही नाही. ज्या पानावर तुम्ही जराशा रेंगाळला होतात, त्या पानावरची वाट धरा. पुस्तकाच्या शेवटी संदर्भसूची असेल, तीत त्या प्रकरणाचे संदर्भ बघा. दोनतीन नावं ओळखीची वाटू लागतील, एखादं पुन्हापुन्हा येईल. जे वारंवार येतं ते पुढचं पुस्तक. तुमच्या ऐतिहासिक कादंबऱ्यांच्या शेवटीही बऱ्याचदा लेखकाने वापरलेल्या ग्रंथांची यादी असते. बहुतेक वाचक ती न पाहताच पुस्तक मिटतात.

इथे थोडं कपाटांबद्दल बोलतो. विषय माझ्या धंद्यातला आहे, त्यामुळे लांबण लागेल, पण चालवून घ्या. मेल्विल ड्युई या अमेरिकन ग्रंथपालांनी १८७६ मध्ये विषयांना आकडे देऊन पुस्तकं लावण्याची, दहा वर्गांची दशांश पद्धत काढली. अनेक ग्रंथालयांत विषयांची पुस्तकं आजही त्या क्रमाने लागतात. तिथे शेजारी-शेजारी उभी असलेली पुस्तकं एकमेकांची नातलग असतात. म्हणून हवं ते पुस्तक सापडलं की तेवढंच उचलून निघू नका. त्याच्या डावीकडची पाच आणि उजवीकडची पाच बघा. कादंबऱ्यांचं उलटं आहे. त्या सहसा लेखकाच्या आडनावाने लावतात. तिथले शेजारी म्हणजे आगगाडीच्या डब्यातले सहप्रवासी, वर्णमालेपलीकडे त्यांचं काही नातं नाही. तिथे डावं-उजवं पाहून फारसं हाती लागत नाही, दुसरा धागा लागतो. तो धागा अनुवादकाचा असू शकतो. चांगला अनुवादक वर्षानुवर्षं निवड करत असतो, त्याच्या नावामागे गेलात तर अनोळखी भाषांतले लेखक आयते भेटतात. इंग्रजीत अनुवादित पुस्तकाला मिळणाऱ्या आंतरराष्ट्रीय बुकर पुरस्काराची रक्कम लेखक आणि अनुवादक यांच्यात निम्मी-निम्मी वाटतात, ती उगाच नाही. धागा एखाद्या प्रकाशकाच्या मालेचाही असतो, किंवा तुमच्या आवडत्या लेखकाने मुलाखतीत ज्याचं ऋण मान्य केलं त्या जुन्या लेखकाचा.

विषयवार कपाटालाही मर्यादा आहेत. ड्युईच्या पद्धतीत मधमाशी हा कीटक ५९५ मध्ये बसतो आणि मधमाशीपालन ६३८ मध्ये, शेतीच्या बाजूला. कुतूहल एकच, पण मध्ये अख्खी भिंत. म्हणून माझी सगळ्यात आवडती जागा कपाट नव्हतीच. ती होती परत आलेल्या पुस्तकांचा ढीग. अजून लावायची बाकी असलेली पुस्तकं. कवितेवर ज्वालामुखी, त्यावर कुणाचं तरी चरित्र, त्याखाली भुताची गोष्ट. शिवाय प्रत्येक पुस्तक नुकतंच कुणीतरी हौसेने घरी नेलेलं. ग्रंथालयात गेलात की आधी तो ढीग बघू द्या म्हणा. कुणी नाही म्हणत नाही.

एकदा एक गृहस्थ आले आणि म्हणाले, "माशांवरचं काही आहे का?" मी समुद्रातल्या माशांवरचं एक सचित्र पुस्तक हातात ठेवलं. त्यांना हव्या होत्या घरात घोंगावणाऱ्या माश्या. बोलताना दोन्ही सारखंच ऐकू येतं, दोष कुणाला द्यायचा? घरी गेल्यावर त्यांच्या लक्षात आलं, पण मुदत होती म्हणून त्यांनी चाळायला घेतलं. पंधरा दिवसांनी ते आले ते खोल समुद्रातल्या उजेडाबद्दल काही आहे का, हे विचारायला. माश्यांचा विषय पुन्हा निघाला नाही. एस. आर. रंगनाथन या भारतीय ग्रंथपालांनी १९३१ मध्ये ग्रंथालयशास्त्राचे पाच नियम मांडले. त्यांतला दुसरा म्हणतो, प्रत्येक वाचकाला त्याचं पुस्तक मिळावं. आणि तिसरा म्हणतो, प्रत्येक पुस्तकाला त्याचा वाचक. हे दोन वेगळे नियम का, हे मला त्या दिवशी समजलं. दुसऱ्यात वाचक पुस्तकाच्या शोधात निघतो. तिसऱ्यात पुस्तक वाचकाची वाट बघत असतं, आणि वाचकाला त्याचा पत्ताही नसतो.

तुमच्या अ‍ॅपला हा तिसरा नियम तितकासा पाळता येत नाही. अशा व्यवस्थांमागची एक प्रसिद्ध पद्धत २००३ च्या एका शोधनिबंधात मांडली गेली. साध्या शब्दांत ती अशी: हे पुस्तक घेणाऱ्यांनी आणखी कोणती पुस्तकं घेतली ते मोजायचं, आणि जी जोडी वारंवार दिसते ती पुढे करायची. तुमची वीस वर्षं रहस्यकथांत गेली असतील तर ती तुमच्यासमोर रहस्यकथाच धरणार. तिचा हेतू वाईट नाही, ती तुमचीच जुनी वही तुम्हाला वाचून दाखवते. आवडत्या लेखकासारखा दुसरा हवा असेल तेव्हा तिला जरूर विचारा. अनोळखी मुलखात जायचं असेल तर वही बाजूला ठेवा आणि सरळ विषय लिहून शोधा: 'ठसे', 'साथी', 'नकाशे'.

याद्यांबद्दल माझं मत जरा कडू आहे. 'वाचायलाच हवीत' अशी यादी करणारा माणूस बहुतेकदा आपण कसं दिसावं याचा विचार करत असतो. यादी लागतच असेल तर पुरस्काराच्या विजेत्यापेक्षा त्या आधीची, निवडीच्या पहिल्या फेरीतली लांब यादी बघा. विजेता हा पुष्कळदा परीक्षकांच्या तडजोडीतून निघतो, लांब यादीत त्यांचे वेगवेगळे हट्ट शिल्लक असतात. 'एक कादंबरी, एक ललितेतर' असा पाळीचा नियम काहींना मानवतो. तुमचा स्वभाव पाहता तुम्ही त्याचं हजेरीपत्रक कराल, म्हणून नकोच. वाचनगट मात्र सोडू नका. ज्यांनी तो प्रश्न विचारला त्यांनाच सांगा, "तुमच्याकडचं एक पुस्तक मला द्या, माझी एक रहस्यकथा तुम्ही न्या." प्रश्न खोचक होता की मनापासूनचा, तेही यातून कळेल.

आता अर्धवट राहण्याबद्दल. अमेरिकेतल्या सिअ‍ॅटलच्या एके काळच्या ग्रंथपाल नॅन्सी पर्ल यांचा एक नियम मी कितीतरी वाचकांना सांगितला आहे. पन्नाशीपर्यंतच्या वाचकाने पुस्तकाला ५० पानं द्यावीत. त्यापुढे शंभरातून आपलं वय वजा करावं, उरतील तेवढीच पानं. तुमच्या वाट्याला ४४ येतात. म्हणजे चाळिसाव्या पानाशी सोडलेली पुस्तकं तुम्ही जवळजवळ नियमानुसारच सोडली आहेत! हिशेब आणखी पुढे नेऊ. दिवसाला २० पानं वाचलीत तर वर्षाला ७३०० होतात, अडीचशे पानी पुस्तकं साधारण २९. चुकीच्या निवडीची किंमत ४४ पानं, म्हणजे दोन दिवस आणि तिसऱ्या दिवसाचा एक तुकडा. एवढ्या भांडवलावर धाडस करायला हरकत नसावी.

सोडण्याआधी एक मात्र करून बघा. कादंबरी पहिल्या पानापासून वाचावी लागते, कारण लेखकाने माहिती लपवलेली असते आणि ती त्याच्याच क्रमाने उघडायची असते. बाकीच्या पुस्तकांवर ती सक्ती नाही. त्यांतली कितीतरी पहिल्या चाळीस पानांत नुसती बाजू मांडत बसतात: आजवर कोण काय म्हणालं, मी काय वेगळं म्हणणार आहे. तुम्ही बहुधा तिथेच दमलात. अनुक्रमणिका उघडा, जिथे काहीतरी घडतंय असं वाटेल ते प्रकरण काढा, अगदी सातवं असलं तरी, आणि तिथून आत शिरा. दार उघडं दिसलं तर नंतर पुढच्या ओसरीवर या. नाही आलात तरी बिघडत नाही.

निवडताना पुस्तकाच्या सुरुवातीचं ते बारीक अक्षरातलं पान वाचायची सवय लावा. आवृत्ती कोणती आणि नुसतं पुनर्मुद्रण कोणतं, ते तिथे कळतं. मुखपृष्ठ चकचकीत नवं असतं आणि मजकूर तीस वर्षांपूर्वीचा निघतो. चरित्राला त्याने फरक पडेलच असं नाही, विज्ञानाला पडतो. २००६ आधी लिहिलेलं सूर्यमालेचं पुस्तक प्लूटोसकट नऊ ग्रह मोजेल. मलपृष्ठावरच्या स्तुतीपेक्षा मधलं कुठलंही एक पान उभ्याउभ्या वाचणं अधिक भरवशाचं.

ज्यांचा प्रश्न तुमच्या अगदी उलट आहे, म्हणजे जे फक्त माहितीची पुस्तकं वाचतात आणि 'खोट्या गोष्टीत वेळ कशाला' म्हणतात, त्यांचीही पत्रं येतात. त्यांना मी आधी कादंबरी देत नाही, कथासंग्रह देतो. एक कथा एका बैठकीत होते आणि नाही आवडली तर पुढची असते. ज्या काळाबद्दल किंवा पेशाबद्दल ते आधीच वाचतात, त्यातल्याच माणसांची गोष्ट शोधावी. दोन्ही बाजूंच्या लोकांना सीमेवर उभी असलेली पुस्तकं उपयोगी पडतात: पत्रसंग्रह, प्रवासवर्णनं, खटल्यांच्या हकिगती, एखाद्याच वस्तूचा इतिहास. तुम्ही खटल्यांपासून सुरुवात करा असं सुचवतो. पुरावा, उलटतपासणी, खोटे साक्षीदार, सगळं खरंखुरं.

नॅन्सी पर्ल यांचीच आणखी एक गोष्ट सांगायची राहिली. त्या म्हणतात, वाचक पुस्तकात चार दारांतून शिरतो: कथानक, माणसं, स्थळकाळ आणि भाषा. कुणाचं मोठं दार कुठलं हे कळलं की कादंबरी आणि इतर पुस्तकं यांच्यातलं कुंपण बरंच खाली येतं, कारण ही दारं दोन्हीकडे असतात. तुमच्या गेल्या वर्षातल्या आवडत्या तीन पुस्तकांबद्दल कुणाशी तरी बोला आणि बोलताना काय आधी आठवतं ते पाहा. मला वाटलं होतं, तुमचं दार कथानकाचं. तुम्ही उतरवून पाठवलेलं ते नदीचं वाक्य वाचल्यावर तेवढी खात्री राहिली नाही.

त्या दहांपैकी नऊ पुस्तकं देऊन टाका. वाचनगटात ठेवा, ग्रंथालयाला विचारा, मुलीला द्या. कपाटात राहिली तर तुम्हाला रोज टोचतील. नदीचं मात्र ठेवा. कंटाळून सोडलेल्या पुस्तकातलं वाक्य कुणी शब्दन्‌शब्द, स्वल्पविरामांसकट उतरवून पाठवत नाही. तुमची खूण कुठल्या पानावर आहे मला माहीत नाही, पण तुम्ही पाठवलेलं वाक्य ज्या पानावर आहे, तिथून पुढे वाचायला घ्या.